उकिरड्यावरून उचललेलं नाव

रेणू, मी थकले आहे. हे आधीच सांगून टाकते, कारण तू असतास तर मला पायरीवर बसलेली बघून तेवढंच म्हणाला असतास, "ताई, तू थकून राह्यली." आणि मी म्हटलं असतं, "नाही रे." आता ज्याच्यासमोर नाही म्हणायचं तो माणूसच नाही, म्हणून हो म्हणते.

दोन वर्षं आपण आठवड्यातून दोनदा धाडहून बुलढाण्याला जायचो. तू म्हणायचास, "चाल ताई, धोबीघाटावर." रक्त धुवायचं, कोरडं व्हायचं, परत यायचं. जाताना एसटी, येताना काळी-पिवळी जीप, कारण डायलिसिसनंतर तुला उभं राहवत नसे. सुनंदाला, तुझ्या बायकोला, रोपवाटिका सोडून येता येत नव्हतं. मिरचीच्या हंगामात शेतकरी सकाळपासून रोपांचे ट्रे न्यायला दारात उभे असतात. मी निवृत्त मास्तरीण, घरी एकटी. मला काय काम होतं? आता खरंच काही काम नाही. दुपारी आडवी होते, झोप येत नाही. थकवा असा असतो हे मला माहीत नव्हतं. काम असेपर्यंत तो मागे मागे चालत होता, काम संपल्यावर पुढे येऊन बसला.

लोक भेटायला येतात आणि तुझ्याबद्दल चांगलं बोलतात. रेणूभाऊचं रोप कधी मेलं नाही म्हणतात. खरं आहे. पण दिवसभर हजारो रोपांना पाणी पाजणाऱ्या तुला स्वतःला चहाच्या पेल्याने मोजून पाणी प्यावं लागायचं, हे त्यांना ठाऊक नाही. झारी हातात घेऊन तू ट्रेवर पाणी सोडायचास आणि ओठांवरून जीभ फिरवायचास. मी दुसरीकडे बघायची.

तुझ्या नावाबद्दल मात्र कोणीच काही बोललं नाही. ते आपलं दोघांचंच भांडण होतं आणि ते अर्धवट राहिलं. म्हणून लिहिते आहे.

तू जन्मलास तेव्हा मी सात वर्षांची होते. आपण तेव्हा लोणारला राहायचो. बाबा सरकारी विश्रामगृहात खानसामा होते आणि आपल्या दोन खोल्या मागच्या बाजूला होत्या. तुझ्याआधी गजू होता. दीड वर्षाचा होऊन तापानं गेला. त्यानंतर एक पोटातच गेलं. मग तू आलास, तर आजीनं कोणाला पेढा दिला नाही की थाळी वाजवू दिली नाही. म्हणाली, "बोंबलू नका. ज्यानं दोन नेले त्याले ऐकू जाईन."

बाराव्या दिवशी सकाळी आजीनं तुला एका फाटक्या धडप्यात गुंडाळलं आणि विश्रामगृहाच्या कुंपणाबाहेरच्या उकिरड्यावर नेऊन ठेवलं. हे तुला शंभर वेळा सांगितलंय, पण आता शेवटचं सांगू दे. ज्या घरात लेकरं जगत नाहीत त्या घरात असं करायची रीत होती. मूल टाकून द्यायचं, पाठ फिरवायची, आणि दुसऱ्या कोणी तरी ते उचलून सूपभर ज्वारीवर आपल्याला परत द्यायचं. म्हणजे ते आपलं उरत नाही, केराचं होतं, आणि केराकडे मरणाची नजर जात नाही. नाव ठरलेलंच होतं, उकर्डा. उचलायला शेजारची रशीदाबी भिंतीआड उभी होती. आजीनं सांगितलं, सगळ्यांनी पाठ फिरवा. आम्ही फिरवली. माय दारात बसून पदर तोंडात कोंबत होती.

त्याच वेळी ती गोरी बाई रस्त्यानं आली. विश्रामगृहात महिनाभर उतरलेली, फ्रान्सहून आलेली, सरोवराच्या काठचे दगड गोळा करणारी. गावातली पोरं तिला गोटेवाली बाई म्हणायची. तिनं काय पाहिलं असेल? एक तान्हं मूल उकिरड्यावर, आणि सगळं घर पाठ फिरवून उभं. पिशवी टाकून ती धावली. पिशवीतले दगड रस्त्यावर सांडल्याचा आवाज ऐकून मी वळले, तोवर तिनं तुला छातीशी धरलं होतं आणि ती आमच्यावर तिच्या भाषेत ओरडत होती.

रशीदाबी भिंतीआडून बाहेर आली. "अरे, मैं तो खडीच थी," म्हणाली आणि तिला हसू आवरेना.

बाबा घाबरले. साहेबलोकांची पाहुणी रागावली तर नोकरी जाईल. त्यांनी आपल्या मोडक्या हिंदीत तिला सगळं समजावलं. दोन गेले, म्हणून हे असं. तिलाही थोडी हिंदी येत होती. समजलं तेव्हा ती कुंपणाच्या दगडावर बसली, पण तुला काही सोडेना. आणि आजी म्हणाली, "आता कायचं समजावता? जिनं उचललं तिचं पोट्टं. नाव बी तिलेच ठेऊ द्या."

बाईनं थोडा वेळ तुझ्याकडे पाहिलं आणि म्हणाली, "रने." तो र तिच्या घशातून आला. आजीनं विचारलं, "रानी? पोरगा हाये माय तो." बाईनं बाबांना सांगितलं, तिच्या वडिलांचं नाव हेच. त्यांच्याआधीचा भाऊ लहानपणी गेला होता, म्हणून ते जन्मले तेव्हा हे नाव ठेवलं. रेने म्हणजे पुन्हा जन्मलेला.

मायला एवढंच ऐकू आलं. पुन्हा जन्मलेला. ती दारातून उठली, तुला घेतलं, आणि मी तिला पहिल्यांदा, गजू गेल्यानंतर पहिल्यांदा, हसताना पाहिलं.

बाई नंतर निघून गेली. पुन्हा आली नाही, तिचं काही कळलंही नाही. नाव तेवढं राहिलं आणि ते आपल्या तोंडात बसेना. रेने, रेण्या, रेणू. शाळेत घालायला बाबा घेऊन गेले तर गुरुजींनी विचारलं, "रेने? हे कोणतं नाव?" बाबांना सांगता आलं नाही. गुरुजींनीच वाट काढली. "रेणुकामाईचं दिसते. रेणुकादास लिहितो." असा तू माहूरच्या देवीचा दास झालास. पुढे मास्तरीण झाल्यावर एकदा मुलांना रेणुकेची गोष्ट सांगताना मी मध्येच थांबले. परशुरामानं बापाच्या सांगण्यावरून आईचं डोकं उडवलं आणि मग वर मागून तिला जिवंत केलं. म्हणजे तीही मरून उठलेलीच. गुरुजींनी नकळत भाषांतर करून ठेवलं होतं. मी घरी येऊन तुला हे मोठ्या उत्साहानं सांगितलं. तू वांग्याची रोपं मोजत होतास. म्हणालास, "म्हणजे कुठूनही गेलं तरी सुटका नाही व माही."

मला तेव्हा राग आला. एवढं सुंदर नाव, दोन देशांनी मिळून ठेवलेलं. तुला उकर्डा बरं वाटायचं. तू म्हणायचास, "उकर्डा म्हणजे केर. केर कोणाच्या जागी येत नाही." मी म्हणायची, स्वतःला कोणी केर म्हणवून घेतं का? तिथून आपलं सुरू व्हायचं.

खरं कारण मला हळूहळू कळलं. माय तुला गजूचं टोपडं घालायची, गजूचे चांदीचे वाळे घालायची. गजूला गुळाची पोळी आवडायची, म्हणून तुला द्यायची. तुला गूळ आवडायचा नाही, तू थुंकायचास, ती म्हणायची, "आधी तं खायचा." आधी म्हणजे कधी, हे तुला कोणी सांगत नव्हतं. रागावली की रेणू, लाडात आली की गजू. एवढं लहान पोर काय ते ओळखणार, असं आम्हाला वाटायचं. तू ओळखलं होतंस.

माय गेली तो दिवस. आपण केव्हाच धाडला आलो होतो, मी लग्न होऊन आणि तू माझ्या मागोमाग, रोपवाटिकेला जागा बघून. माय शेडनेटशेजारच्या खोलीत अंथरुणावर होती. दुपारी तिनं डोळे उघडले. तू हातातली झारी बाहेर ठेवून आत आलास. तिनं विचारलं, "गजू आला का?"

मी काही तरी बोलणार होते. तू माझ्याआधी बोललास. "हाव माय, आलो."

तिनं तुझ्या कपाळापासून हनुवटीपर्यंत हात फिरवला. तू वाकून तसाच राहिलास, तिचा हात खाली पडेपर्यंत. त्यानंतर ती कोणाशी बोलली नाही.

तेरावं झाल्यावर तू मला म्हणालास, "ताई, एवढे वर्सं तिनं माह्या ताटात वाढलं. पण जेवलं कोण?"

मी म्हटलं, "असं काऊन बोलतो? तोच तू. देवानं परत धाडला तुले. तिच्यासाठी तू आणि तो काही वेगळे होते का?"

"तेच तं म्हणून राह्यलो," तू म्हणालास, आणि उठून गेलास.

मला वाटायचं मी तुझं सांत्वन करते आहे. बारा-पंधरा वर्षं मी हेच वाक्य फिरवून फिरवून तुला देत राहिले, आणि तू दर वेळी उठून जात राहिलास. भांडखोर तू नव्हतास. माझे यजमान गेले तेव्हा गावभरच्या बायका मला धीर द्यायला आल्या, तू एकटाच गप्प होतास. महिनाभर रोज सकाळी येऊन मला उठवून नेलंस, समोर रिकामे ट्रे ठेवलेस, कोकोपीटचं, नारळाच्या भुशाचं, पोतं उघडलंस आणि म्हणालास, "भर." मी भरत राहिले. त्या मिरचीच्या रोपांनी मला जगवलं, कोणाच्या शब्दांनी नाही. तुझे उपकार मानायचे राहिले. भावाचे कुठे मानतात, असं वाटायचं.

मग धोबीघाट सुरू झाला. यंत्राशेजारी चार तास बसायचं. तिथे आपलं भांडण कमी झालं, कारण तुला उठून जाता येत नव्हतं आणि मला त्याचा फायदा घ्यावासा वाटत नव्हता.

शेवटच्या दिवसांत पल्लवी सोबत यायची. तुझी लेक, खामगावला दिलेली, बाळंतपणासाठी माहेरी आलेली. आठव्या महिन्यात एसटीत नको म्हटलं तरी यायची. एकदा ती स्टुलावर बसून मोबाइल बघत होती. म्हणाली, "बाबा, तुमच्या नावाचं इथं सगळंच दिलंय. वाचू का?"

"वाच. अजून दोन तास काढायचे हायेत."

ती वाचत गेली. मूळ नाव लॅटिनमधलं, रेनातुस. रे म्हणजे पुन्हा, नातुस म्हणजे जन्मलेला.

"नातू?" तू म्हणालास. "तो तं अजून व्हायचा हाये." शेजारच्या खाटेवरचा पेशंटही हसला.

जुन्या काळी लोक ख्रिस्ती व्हायचे तेव्हा त्यांना पाण्यात बुडवून वर काढायचे. वर आला तो नवा जन्म, म्हणून हे नाव घ्यायचे. पाण्याचं ऐकून तू डोळे मिटलेस. मग ते फ्रान्समध्ये रुळलं. राजघराण्यात गेलं, मुलींनाही ठेवू लागले. मुलीसाठी शेवटी एक अक्षर वाढवायचं, उच्चार तोच. प्रत्येक गोष्टीवर शंका घेणारा एक मोठा तत्त्वज्ञही याच नावाचा होता. एके काळी तिकडे गल्लोगल्ली रेने होते. आता ते म्हाताऱ्यांचं नाव झालंय, नव्या बाळांना फारसं कोणी ठेवत नाही.

"आपल्याकडं उकर्डाचं बी तेच झालं," तू म्हणालास. "दोघं संगच रिटायर."

मग पल्लवीनं ती दंतकथा वाचली. आंजे नावाच्या गावात एक बिशप होता. एक बाई आपलं आजारी मूल घेऊन त्याच्याकडे आली, आशीर्वाद द्या म्हणाली. तो पूजेत गुंतलेला होता, तिला थांबवलं. पूजा आटोपेपर्यंत मूल गेलं. बिशपला ते सहन झालं नाही. देवळाच्या किल्ल्या घेऊन तो गाव सोडून निघाला. जहाजावर त्या किल्ल्या समुद्रात पडल्या. दूरच्या एका राज्यात जाऊन तो राजाचा माळी झाला.

"माळी?" तू डोळे उघडलेस. "तिथंच राहाले पाह्यजे होतं त्यानं."

पण गावच्या लोकांना एका माशाच्या पोटात किल्ल्या सापडल्या, आणि त्यांनी शोधत शोधत त्याला गाठलं. सात वर्षांनी तो परतला. त्या मुलाच्या थडग्यापाशी जाऊन रडला, प्रार्थना केली, आणि मूल उठून बसलं. त्याचं नाव ठेवलं रेने. पुढे तोच गावचा बिशप झाला.

पल्लवी थांबली. मला वाटलं तुला झोप लागली.

"सात वर्स," तू म्हणालास. "एवढ्या दिवसात त्या मायले दुसरं लेकरू झालं नाही का?"

पल्लवीनं मोबाइलवर पान खाली-वर सरकवून बघितलं. "तसं काही दिलं नाही इथं."

"झालंच असन. सात वर्स काय थोडे झाले. मंग पह्यला उठून घरी आला, तं त्या मधल्या पोट्ट्याचं काय झालं? त्याले कुठी झोपवलं? त्याची गोष्ट कोणी नाही लिहिली?"

पल्लवीनं मोबाइल मांडीवर ठेवला. तिनं माझ्याकडे पाहिलं. मला कळलं होतं. मी तेव्हाच बोलणार होते, पण सिस्टर सुया काढायला आली, मग तुला गरगरलं, मग जीप. जीपमध्ये माणसं होती. मी मनात म्हटलं, पुढच्या खेपेला सांगू.

पुढच्या खेपेच्या आदल्या दिवशी तू गेलास.

तर ऐक. तू गजू नव्हतास. मी गजूला पाहिलं आहे, घरात आता फक्त मीच उरले आहे त्याला पाहिलेली. तो शांत होता. हातातलं बिस्कीट कोणी मागितलं की देऊन टाकायचा. कुत्र्याला भ्यायचा. माझा कान धरल्याशिवाय झोपायचा नाही. तू तीन वर्षांचा असताना माझी पाटीवरची पेन्सिल बकरीला चारली होतीस. बिस्किटाला हात लावला तर चावायचास. कुत्र्याच्या पाठीवर बसायला जायचास. तुला मांडीवर घेतलं त्या पहिल्या दिवसापासून मला माहीत होतं की हा दुसरा कोणी तरी आहे. गजूसाठी मी अजून कधी तरी रडते. तुझ्यासाठी रडते ते वेगळं रडणं आहे. त्या दोघांची गल्लत माझ्याकडून एकदाही झाली नाही. एवढंच सांगायचं होतं. एका वाक्याचं काम होतं.

तू गेल्यावर तीन आठवड्यांनी पल्लवीला मुलगी झाली. दवाखान्यातून घरी आणली, आणि बघायला येणारी प्रत्येक बाई दारातूनच म्हणू लागली, "रेणूभाऊच परत आले बाई." सुनंदा तर बाळाला खाली ठेवेना. "पाह्य ताई, कान त्यायचेच. हेच आले." पल्लवीनं मला बाजूला घेऊन विचारलं, "आत्या, आई म्हणते रेणूच ठेवू. मुलीलाही चालतं. फ्रेंचमध्येही चालतं. ठेवू का?"

मला बोलायचं बळ नव्हतं, रेणू. नुकतीच नवरा गेलेली बाई ज्याला धरून उभी आहे ते तिच्या हातून कसं काढायचं? मी म्हटलं, बघू. दोन दिवस नुसती बघत राहिले. सुनंदा बाळाला झोपवताना तुझ्या आवडीचं भजन म्हणायची, तुझ्या शर्टाची दुपटी शिवायची. बाळाला उचकी लागली तर म्हणाली, "यायले पह्यलेपासूनच उचकीचा तरास."

तिसऱ्या दिवशी आम्ही दोघी शेडमध्ये टोमॅटोची रोपं विरळत होतो. मी तिला सगळं सांगितलं. मायनं शेवटी काय विचारलं आणि तू काय उत्तर दिलंस ते. बुलढाण्याला तू त्या मधल्या पोराबद्दल काय विचारलंस ते.

सुनंदानं हातातलं रोप ट्रेच्या कडेला ठेवलं. "मले कधी नाही सांगितलं त्यायनं."

"मलेही सरळ नाही सांगितलं. मी उशिरा समजले."

"मंग मी काय धरू ताई?" ती म्हणाली. "हे बी सोडू?"

मी म्हटलं, "तो गेला सुनंदा. त्याची जागा रिकामीच राहू दे. या पोरीले तिथं बसवू नको."

ती उठून गेली. नंतर दोन दिवस माझ्याशी बोलली नाही. माझा डबा शेजारच्या पोराच्या हातून यायचा. मीही गेले नाही. चूक की बरोबर, हे ठरवायचीसुद्धा ताकद राहिली नव्हती.

काल दुपारी गेले. पल्लवी न्हाऊन केस वाळवत होती, बाळ माझ्या मांडीवर दिलं होतं. सुनंदा शेडमधून आली. हात धुतले, पदराला पुसले आणि माझ्यासमोर बसली. बाळाला माझ्याकडून घेतलं, दोन्ही हातांवर आडवं धरलं, आणि नवीन आलेल्या गिऱ्हाइकाकडे बघावं तसं न्याहाळत राहिली. कान पाहिले नाहीत.

"कोण व तू?" तिनं विचारलं. "सांग ना माय, कोण आली?"

पोरीनं कपाळाला अशा आठ्या घातल्या की आपल्या घरात आजवर कोणी घातल्या नसतील, आणि जोरात भोकाड पसरलं. सुनंदानं तिला गप्प केलं नाही. आम्ही दोघी ऐकत बसलो.